आन्येसबाईंचा सरवा

मागच्या आठवड्यात पॅकहाउसला मोबाईलवर एक व्हिडिओ काढायचा होता, बायरला पाठवायला, टेबलावर माल कसा निवडला जातो वगैरे, तो काढला, मोबाईल खिशात टाकला आणि रेकॉर्डिंग बंद करायचं विसरले. घरी येऊन बघते तर चार मिनिटं नुसता माझ्या कुर्त्याच्या खिशाचा निळा अंधार, मधूनच माझी चप्पल, ओल्या फरशीवर पडलेले द्राक्षाचे मणी, आणि मागून बायकांचा आवाज, "मॅडम, ह्या क्रेटचं काय करू?" डिलीट करायला बोट नेलं आणि थांबले. कारण मला आन्येस वार्दा आठवली.

आता ही कोण ते सांगायला पाहिजे कारण आमच्या ग्रुपवर मी हिचं नाव काढलं की "आली फ्रेंच बाई परत" असं म्हणतात. तर ही फ्रान्समधली बाई, जन्म १९२८, बेल्जियममधला, वडील ग्रीक, आई फ्रेंच. स्वतः लिहायची, स्वतः दिग्दर्शन करायची, पुढे पुढे कॅमेराही स्वतःच धरायची, आणि २०१९ मध्ये नव्वदीत गेली तोपर्यंत काम चालूच. पासष्ट वर्षांची करिअर! २००० साली तिनं एक डॉक्युमेंटरी केली, इंग्रजीत 'द ग्लीनर्स अँड आय' म्हणतात, त्यात एकदा तिच्याही हातातला छोटा डिजिटल कॅमेरा चालूच राहतो आणि लेन्सचं टोपण दोरीला लटकून जमिनीवर लुटूलुटू हलत राहतं. कुणीही शहाण्या माणसानं ते कापून फेकलं असतं. हिनं त्याला मागे जॅझ लावलं आणि टोपणाचा नाच म्हणून सिनेमात ठेवलं. बहात्तराव्या वर्षी!

'ग्लीनर्स'ला मराठीत शब्द काय हे मला कुठे शोधावं लागलं नाही, आजीकडून तो फुकटात मिळालेला. सरवा. शेत काढून झालं की मागं जे राहतं, गळलेली कणसं, भुईमुगाच्या जमिनीत राहिलेल्या शेंगा, ते वेचायला जायचं म्हणजे सरवा वेचायला जायचं. आमचं गाव सिन्नर तालुक्यात, कोरडा भाग, बाजरी आणि थोडा भुईमूग, आजी सांगते की तिच्या तरुणपणी दोन-दोन दिवस लोकांच्या रानात सरवा वेचून महिन्याचं भागवायच्या बायका. आजकालच्या पोरांना हा शब्द माहीत नाही. मी नाशकात सिडकोत राहते, माझ्या मुलीला विचारलं सरवा म्हणजे काय, तर म्हणाली सर्व्हर डाऊन झाला का.

तो सिनेमा सुरू होतो मिले ह्या फ्रेंच चित्रकाराच्या चित्रापासून, १८५७ सालचं, तीन बायका वाकून शेतात कणसं वेचतायत ते, बऱ्याच जणांनी कुठल्यातरी कॅलेंडरवर पाहिलं असेल. तिथून बाई निघते ती थेट बटाट्याच्या शेतात. मशीननं बटाटे काढून झालेत, ग्रेडिंग झालंय, जे फार मोठे, फार छोटे, वेडेवाकडे, हिरवट, ते ट्रॉलीनं आणून परत शेतात ओतायचे. टनावारी. आणि लोक येऊन ते पोत्यात भरतायत. त्यात तिला पत्त्यातल्या बदामाच्या आकाराचे बटाटे सापडतात, दोन गड्डे एकमेकांना चिकटून वाढलेले, ते ती घरी घेऊन जाते आणि सुकेपर्यंत, कोंब येईपर्यंत जपते. पुढे २००३ मध्ये व्हेनिसच्या बिनाले ह्या मोठ्या कलाप्रदर्शनात तिनं ह्याच बटाट्यांचं मोठं इन्स्टॉलेशन केलं आणि तिथे बटाट्याचा पोशाख घालून फिरली.

हे बघताना मला काय झालं ते तुम्हाला कळणार नाही जोवर तुम्ही द्राक्षाच्या पॅकहाउसमध्ये काम केलेलं नाही. आमच्याकडे रिंग असते, मण्याचं माप बघायची. युरोपला जायचंय, १६ एमएमच्या खाली मणी नको, कुणाला १८ च हवा. घड उचलायचा, बारकी कात्री घ्यायची, जो मणी बारीक, तडकलेला, डाग पडलेला, सनबर्न झालेला तो काढायचा, देठ हिरवा पाहिजे, वरची पांढरी लव पुसली जायला नको म्हणून घडाला हात लावायचा तो देठालाच. दिवसभर हेच. आणि टेबलाखाली मण्यांचा सडा. चवीला एकदम तेच, उलट बारका मणी कधीकधी जास्त गोड लागतो, पण रिंगमध्ये बसला नाही ना, मग तो मणी. म्हणजे आमच्याकडे 'मणी' हा वेगळाच माल आहे, किलोवर, स्वस्तात, रस्त्याकडेला विकायला नाहीतर बेदाण्याला. तीस वर्षांची मी तेव्हा, बाळंतपणानंतर पुन्हा कामावर लागलेली, आणि पॅरिसची कुणीतरी म्हातारी माझ्या टेबलाखालच्या सड्याबद्दल सिनेमा काढते म्हणजे काय!

शेतात काळा झगा घालून एक वकील उभा राहतो आणि हातातलं कायद्याचं पुस्तक वाचून दाखवतो, की पीक काढून झाल्यावर, सूर्य उगवल्यापासून मावळेपर्यंत, सरवा वेचायला परवानगी आहे. हे आजचं नाही, १५५४ सालच्या राजाज्ञेपासून चालत आलेलं. कायदा सांगणारा माणूस कोर्टात न दाखवता पायाखाली माती असताना दाखवायचा, ही तिची खोड. पण बर्गंडीत, जिथे भारी वाईन होते, तिथे मात्र द्राक्षांचा सरवा वेचू देत नाहीत. आपलंही काही वेगळं नाहीये तसं, असो, तो विषय इथे नको, मला सोमवारी कामावर जायचंय.

तर मूळ मुद्दा. मला लिहायचंय ते तिच्या लिहिण्याबद्दल, कारण ती स्वतःला नुसती दिग्दर्शक म्हणायची नाही. तिनं एक शब्दच बनवला होता, सिनेक्रितूर, म्हणजे सिने आणि लेखन एकत्र, सिनेलेखन म्हणा. तिचं म्हणणं असं की पटकथेचे कागद म्हणजे लिखाण नव्हे, कॅमेरा कुठे ठेवला, माणसं थांबलेली की चालतायत, कुठे कापलं, कुठला आवाज ठेवला, हे सगळंच लिहिणं. मला हे एकदम पटलं कारण कॉलेजात मी एक एकांकिका लिहिली होती, स्पर्धेसाठी, आणि दिग्दर्शन करणाऱ्या सिनियरनं त्यातली म्हातारी काढून टाकली, म्हणाला म्हातारीनं गती जाते. म्हातारीच तर एकांकिका होती! बक्षीस मिळालं, प्रकाशयोजनेला. त्यानंतर मी लिहिलं नाही काही, हा ब्लॉग सोडून, आणि हा पण वर्षातून तीनदा.

वार्दाबाईंनी सुरुवातच अशी केली की त्यांच्या आणि सिनेमाच्या मध्ये कुणी सिनियर नव्हता. त्या होत्या फोटोग्राफर, १९५१ पासून पॅरिसच्या टीएनपी ह्या नाट्यसंस्थेच्या, जाँ व्हिलार ह्या नाट्यदिग्दर्शकाबरोबर. सिनेमे फारसे पाहिलेलेच नव्हते, हे त्या स्वतःच सांगायच्या. दुसऱ्या महायुद्धाच्या दिवसांत कुटुंब दक्षिणेला सेत नावाच्या बंदरात येऊन राहिलं होतं, बोटीवर राहत होते, तिथल्या कोळ्यांच्या वस्तीचं नाव ला पॉइंत कुर्त. एक आजारी मित्र तिथे जाऊ शकत नव्हता, त्याच्यासाठी वस्तीची दृश्यं टिपायला म्हणून गेली आणि त्यातून १९५४ मध्ये पूर्ण लांबीचा सिनेमाच केला, वस्तीचंच नाव देऊन. तेव्हा वय सव्वीस. नट आणि तंत्रज्ञांनी सहकारी पद्धतीनं, आधी पैसे न घेता काम केलं, त्यात पुढे मोठा नट झालेला तरुण फिलिप न्वारे होता. एका बाजूला एक नवरा-बायको बोलत बोलत फिरतायत की आपलं काय उरलंय, दुसऱ्या बाजूला खरे कोळी, त्यांची जाळी, त्यांच्या शिंपल्यांवर आरोग्य खात्याची बंदी. दोन्ही गोष्टी शेजारी शेजारी, एकत्र मिसळतच नाहीत. ही बांधणी तिनं फॉकनरच्या एका कादंबरीवरून उचलली. एडिटिंगला आलाँ रेने, पुढे तोही मोठा दिग्दर्शक झाला, तो म्हणे एडिटिंग करता करता तिला सांगायचा की हा शॉट इटलीच्या त्या बड्या दिग्दर्शकाची, व्हिस्कोन्तीची आठवण करून देतो, आणि ही विचारायची कोण व्हिस्कोन्ती.

ह्याला तारखांमध्ये बघा म्हणजे गंमत कळेल. ज्याला फ्रेंच न्यू वेव्ह म्हणतात, म्हणजे तरुण दिग्दर्शकांची नव्या सिनेमाची लाट, ज्याच्यावर आपल्याकडे फिल्म सोसायटीवाले दाढी खाजवत बोलतात, त्याचे त्रुफो-गोदारचे पहिले गाजलेले सिनेमे १९५९ आणि १९६० चे. बाईंचा त्याच्या पाच वर्षं आधी शूट झालेला. मग पुढे तिला न्यू वेव्हची आजी म्हणायला लागले, तिशीतच! पोरांनी घर बांधायचं आणि जिनं जागा साफ केली तिला आजी म्हणायचं.

'क्लिओ फ्रॉम ५ टू ७' (१९६२) हा मी तीनदा पाहिला आणि तिन्ही वेळा वेगळा वाटला. गोष्ट एवढीच की क्लिओ ही गायिका, सुंदर आणि त्याची तिला पूर्ण जाणीव, तिच्या बायॉप्सीचा रिपोर्ट संध्याकाळी यायचाय आणि तोवर ती पॅरिसभर भटकते. टोपी विकत घेते, टॅक्सीत बसते, घरी गाण्याची प्रॅक्टिस करते (पियानोवर संगीतकार मिशेल लग्रां स्वतः), मैत्रिणीकडे जाते, आणि शेवटी बागेत अल्जीरियाच्या लढाईवर परत निघालेला एक सैनिक भेटतो. सिनेमा दीडच तासाचा, त्यातली वेळ जवळजवळ आपल्या घड्याळाबरोबर चालते. पहिल्यांदा पाहिला तेव्हा मला वाटलं फॅशनेबल आहे, छान आहे. मग आईची गाठ निघाली. लॅबवाला म्हणाला सहाला या. चार वाजले होते. मी गंगापूर रोडनं चालत सुटले, उगाच एका दुकानात शिरून ओढणी घेतली, जी मला नको होती, उसाचा रस घेतला आणि अर्धा टाकून दिला, प्रत्येक दुकानाच्या काचेत स्वतःला बघत होते आणि चेहरा माझाच आहे का असं वाटत होतं. रिपोर्ट चांगला आला. नंतर कधीतरी सिनेमा परत लावला आणि टोपीच्या दुकानाच्या सीनला मला उठून पाणी प्यावं लागलं. आरशांमध्ये बघणारी बाई ते रस्त्यातल्या लोकांकडे बघणारी बाई, एवढाच प्रवास आहे त्यात, बाकी काही घडत नाही, आणि हे संवादांत कुठेही म्हटलेलं नाही. हे म्हणजे सिनेलेखन असावं.

मधले काही सिनेमे पटपट. 'ल बॉनर' (१९६५), सुखी सुताराची गोष्ट, मोझार्ट, सूर्यफुलं, आणि इतकी गोड की अंगावर काटा येतो, एक बायको जाते तर तिच्या जागी दुसरी येऊन तीच इस्त्री, तीच मुलं, चित्र तसंच्या तसं. मग १९६६ मध्ये 'ले क्रेआतूर', काथरिन दनव, मिशेल पिकोली असे दोघे बडे लोक घेऊन, आणि तो धडाधड पडला. पुढची गंमत ऐका. चाळीस वर्षांनी पॅरिसच्या एका प्रदर्शनात तिनं त्या पडलेल्या सिनेमाची रिळं उलगडून, फिल्मच्या पट्ट्या लटकवून त्यांची एक झोपडी उभी केली. अपयशाची झोपडी असंच तिचं नाव. उजेड भिंतींतून, म्हणजे दनवच्या चेहऱ्यातून, आत यायचा. स्वतःच्याच शेताचा सरवा!

पैसे कधीच नव्हते हे लक्षात घ्या. पॅरिसच्या र्यू दागेर ह्या गल्लीत तिचं घर, तिथेच तिची कंपनी सिने-तामारिस, तिथेच एडिटिंग, पन्नासच्या दशकापासून शेवटपर्यंत एकच पत्ता. मुलगा माथ्यू लहान होता, घर सोडून लांब जाता येत नव्हतं, तर तिनं घरच्या मीटरपासून वीज घेतली आणि केबल जिथवर पोचते तिथवरच्या दुकानदारांवर डॉक्युमेंटरी केली, बेकरीवाला, खाटीक, शिंपी, अत्तरवाले म्हातारे नवरा-बायको. मला हे वाचून इतकं हसू आलं, कारण आमच्याकडे पोर झाल्यावर केबल किचनपर्यंतच पोचते.

आता 'व्हॅगाबाँड', १९८५. हा माझा सगळ्यात जवळचा, आणि इथे नाशिककरांनी कान टवकारावेत कारण सिनेमा द्राक्षाच्या मळ्यात आहे. हिवाळा, फ्रान्सचा दक्षिण भाग, वेली छाटलेल्या, नुसती काळी खुंटं, आणि चारीत एक पोरगी थंडीनं गोठून मेलेली. मोना. घर नाही, काम नाही, पाठीवर तंबू. मग सिनेमा मागे जातो, ज्यांना ज्यांना ती शेवटच्या काही आठवड्यांत भेटली ती माणसं एकेक करून सांगतात, कुणी कॅमेऱ्याकडे बघून, कुणी आपसात, आणि प्रत्येकाच्या सांगण्यात मोना कमी आणि तो माणूसच जास्त दिसतो. सांद्रिन बॉनेर, जेमतेम सतरा-अठरा वर्षांची, नखात घाण, केस चिकट, कुणाचे आभार मानत नाही, कुणाला आवडावं असं काहीही करत नाही. तिला सेझार हा फ्रान्सचा मोठा सिनेपुरस्कार मिळाला, सिनेमाला व्हेनिसच्या महोत्सवात गोल्डन लायन.

त्यात मोना चालत असते आणि कॅमेरा तिच्याबरोबर रुळावरून सरकतो, असे तेरा शॉट आहेत आणि सगळे उजवीकडून डावीकडे. आपण वाचतो त्याच्या उलट. आपली देवनागरी पण डावीकडून उजवीकडेच जाते त्यामुळे आपल्यालाही ते टोचतं, का टोचतंय कळत नाही पण काहीतरी उलटं चाललंय एवढं कळतं. प्रत्येक शॉट मोनाला सोडून एखाद्या वस्तूवर थांबतो आणि पुढचा तसल्याच वस्तूपासून सुरू होतो, मध्ये दहा मिनिटं गेलेली असली तरी. हे मला तिच्याच शेवटच्या सिनेमात तिनं सांगितलं तेव्हा कळलं, मग मी परत लावून कागदावर तेरा रेघा ओढत बसले, नवरा म्हणाला काय हिशोब चाललाय.

आणि त्यात 'असून' नावाचा एक माणूस आहे. मळ्यात काम करणारा ट्युनिशियाचा मजूर, तो मोनाला आपल्या खोलीत जागा देतो आणि छाटणी शिकवतो. कात्री कशी धरायची, कुठे कापायचं. तो सीन मी माझ्या ओळखीच्या दोन छाटणीवाल्यांना मोबाईलवर दाखवला. पेठ-सुरगाण्याकडून टोळ्या येतात ना ऑक्टोबर छाटणीला, त्यातले. आवाज बंदच होता, फ्रेंच कुणाला कळतंय. ते एकदम सिरियसली बघत होते, मग एक म्हणाला, "ताई, ही पोर नवी हाय, हात उंच धरती. संध्याकाळी खांदा जाईल तिचा." नंतर सोबतचे मजूर गावाहून परत येतात, त्यांना ती खोलीत नको असते, आणि असूनला तिला जा म्हणावं लागतं. मोना मेल्यावर सगळे बोलतात, हा बोलत नाही. तिचा लाल स्कार्फ नाकाशी धरतो आणि कॅमेऱ्याकडे बघतो. बास.

नवरा जाक देमी, तोही मोठा दिग्दर्शक, १९९० मध्ये गेला. तो आजारी असताना ती त्याच्याच लहानपणावर सिनेमा करत होती, आणि त्यात मध्येच कॅमेरा त्याच्या अगदी जवळ जातो, केस, कातडी, हातावरचे डाग, इतका जवळ की प्रदेश वाटतो. दहा वर्षांनी 'ग्लीनर्स'मध्ये एका हातात कॅमेरा धरून ती स्वतःचाच दुसरा हात तसाच दाखवते, सुरकुत्या, डाग. त्याच हातानं मग हायवेवरचे ट्रक बोटांच्या गोलात पकडते, लहान मुलासारखे.

ऑस्कर वगैरे पण झालं, २०१७ ला मानद ऑस्कर, आणि पुढच्याच वर्षी जेआर ह्या फोटोवाल्या पोराबरोबर केलेल्या 'फेसेस प्लेसेस'ला नॉमिनेशन, एकोणनव्वदाव्या वर्षी. नॉमिनीजच्या जेवणाला जाता आलं नाही तर तिनं स्वतःचे पुठ्ठ्याचे कटआउट पाठवले आणि हॉलिवूडचे लोक त्यांच्याबरोबर फोटो काढत होते. मला मात्र ह्या सगळ्यात आपले फाळकेच आठवतात. त्र्यंबकचे, लिहिणं-दिग्दर्शन-एडिटिंग सगळं एकहाती, आणि 'राजा हरिश्चंद्र'च्या आधी भांडवलदाराला पटवायला त्यांनी काय शूट केलं, तर वाटाण्याचं रोप उगवताना. कुंडीसमोर कॅमेरा लावून, थोडं थोडं, रोज. पांडवलेणीखाली त्यांच्या स्मारकात आपण पोरांना झोके खेळायला नेतो, पण त्या वाटाण्याबद्दल कुणी सांगत नाही. बदामी बटाटा आणि हा वाटाणा एका पिशवीत घालावेत असं मला फार वाटतं.

गेल्या रविवारी आजी आलेली सिडकोत, डोळ्याचं दाखवायला. दुपारी ड्रॉप घालून पडलेली, मी लॅपटॉपवर 'ग्लीनर्स' लावला, तिला म्हटलं सरव्याचा सिनेमा आहे. "सरव्याचा कुठं सिनेमा असतोय?" म्हणाली आणि उठून बसली. सुरुवातीलाच एक म्हातारी येते, पूर्वी कसं वेचायचो ते शेतात वाकून, ॲप्रनमध्ये भरून दाखवते. आजीनं एक डोळा मिटून नीट पाहिलं.

"थांबव," म्हणाली. "असा नाय धरीत ओचा. सांडंल सगळं."

मग पलंगावरून उतरली, लुगड्याचा ओचा दोन्ही हातांनी पुढं घेतला, एक टोक डाव्या बाजूला कमरेत खोचलं, आणि फरशीवर वाकून, टीव्हीच्या टेबलाखालून, माझ्या मुलीच्या पेन्सिली, एक रबर, चार्जरची पिन, एकेक वेचून ओच्यात टाकायला लागली, उजवा हात भराभरा आणि डावा ओच्याखाली. ह्या वेळी मी मोबाईल मुद्दाम चालू केला. मागे लॅपटॉपवर ती फ्रेंच म्हातारी तशीच वाकून थांबलेली.